अभिनेत्री दिग्दर्शनाकडे वळते तेव्हा: व्हॅनिटीबाहेरचं काम

प्रश्न असा आहे: बारा-पंधरा वर्षं नाटक, मालिका आणि चित्रपटांत काम केलेल्या अभिनेत्रीने स्वतः पटकथा लिहिली आहे आणि तिला ती स्वतःच दिग्दर्शित करायची आहे. अभिनयाचा अनुभव कितपत कामी येईल, आधी काय शिकावं आणि मुख्य भूमिका स्वतः करावी का?

अभिनेत्रीला सेट आतून माहीत असतो, पण तो ‘मॅडम, शॉट रेडी’ या हाकेपासून ‘कट’पर्यंतचा. दिग्दर्शकाचं बहुतेक काम या दोन आवाजांच्या बाहेर चालतं. लेखनाच्या टेबलावर, रेकीत (शूटिंगच्या जागा बघायच्या फेरीत), लाइट लागत असताना आणि संकलकाच्या खोलीत. स्वतःची एक परीक्षा घेऊन बघा. मागच्या शूटिंगच्या एखाद्या दिवशी तुम्ही व्हॅनिटीत (नटांच्या मेकअप-विश्रांतीच्या गाडीत) दोन तास बसून होतात, तेव्हा बाहेर नेमकं काय चाललं होतं? लाइट कुठून कुठे हलला, कुणाचा क्लोज (चेहऱ्याचा जवळचा शॉट) आधी घेतला आणि का, उशीर कशामुळे झाला? हे सांगता आलं नाही, तर शिकायचं काय ते कळलं.

आधी पटकथेकडे या, कारण पुढचे बहुतेक घोटाळे तिथेच पेरलेले असतात. अभिनेत्रीने लिहिलेल्या पहिल्या पटकथेत तीन गोष्टी हटकून सापडतात. एका पात्राचा आलेख भरगच्च असतो आणि बाकीची पात्रं त्याला टाळी द्यायला येतात. दर पंधरा-वीस पानांनी एक ‘अभिनयाचा’ सीन येतो: रडणं, स्फोट, लांबलचक स्वगत. आणि संवाद बोलायला फार छान असतात. तिसरी गोष्ट सगळ्यात फसवी, कारण वाचनाला जमलेली मंडळी खूश होतात. ती मंडळीही बहुधा नटच असतात.

यावरचं औषध नटाच्याच सवयीत आहे. पटकथा हातात आली की नट काय करतो? आपले सीन मोजतो आणि फक्त तेवढेच सलग वाचतो. तेच आता प्रत्येक पात्रासाठी करा. नवऱ्याचे सगळे सीन वेगळे काढून सलग वाचा, मग सासूचे, मग शेजारच्या मुलाचे. त्या नटाच्या जागी बसून विचारा: ही भूमिका मी का स्वीकारावी? नवऱ्याच्या चौदा सीनपैकी अकरांत तो फक्त ‘तुला काय झालंय?’ असं विचारत असेल, तर भूमिका अजून लिहूनच झालेली नाही.

संवादाचं एक उदाहरण जवळून बघू. आई कोथिंबीर निवडते आहे आणि मुलगी नोकरीसाठी दुसऱ्या शहरात जायचं सांगायला आली आहे. पहिल्या खर्ड्यात हा सीन साडेतीन पानं असतो. मुलगी कारणं सांगते, आई जुने दिवस काढते, दोघी रडतात. दुसऱ्या खर्ड्यात मुलगी एवढंच म्हणते, ‘एक तारखेला जॉइन व्हायचंय.’ आई विचारते, ‘डबा कोण देणार?’ आणि निवडलेली कोथिंबीर देठांच्या ढिगात टाकते. मुलगी ती न बोलता वेगळी करू लागते. पाऊण पान. साडेतीन पानांचा सीन दोन चांगल्या नट्या निभावून नेतात आणि म्हणूनच तो चुकीचा आहे हे सेटवर कुणाच्या लक्षात येत नाही. ते कळतं संकलनात. तिथे मधली दोन पानं कापायची तर कोथिंबीर मागच्या शॉटमध्ये अर्धी निवडलेली आणि पुढच्या शॉटमध्ये संपलेली असते.

एक पान म्हणजे अंदाजे एक मिनिट, हा हिशोब संवादांच्या पानाला बऱ्यापैकी लागू पडतो. ‘मोर्चा चौकात येतो’ या एका ओळीला तो लागू नाही. ती ओळ युनिटचा अर्धा दिवस खाऊ शकते. म्हणून स्टॉपवॉच लावून, शांतता आणि हालचालीसकट सगळी पटकथा मोठ्याने वाचा. दीडशे मिनिटं भरली तर कागदावरच कापा. तिथे सीन उडवायला काही पडत नाही. शूट होऊन उडवलेल्या सीनचे पैसे मात्र नट, लाइट, जनरेटर, जेवण यांत गेलेले असतात.

लिहितानाच परवानग्यांचाही विचार करा. पटकथेत बैल, घोडा, कुत्रा आला की ॲनिमल वेल्फेअर बोर्डाची परवानगी शूटिंगच्या आधी घ्यावी लागते आणि ती नसेल तर सेन्सॉरच्या वेळी गाडी अडते. पात्र सिगरेट ओढत असेल तर त्या दृश्यात खाली इशारा येणार, आणि चित्रपटाच्या सुरुवातीला व मध्यंतरानंतर तंबाखूविरोधी संदेश लावावे लागणार. लहान मूल असेल तर ज्या जिल्ह्यात शूटिंग आहे तिथल्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. मुलाचं काम दिवसाला जास्तीत जास्त 5 तास, त्यातही सलग 3 तासांहून अधिक नाही, आणि त्याच्या मानधनातला किमान 20 टक्के भाग त्याच्या नावावर मुदत ठेवीत टाकायचा असतो. सात वर्षांच्या मुलावर बेतलेली पटकथा तीस दिवसांत होत नाही ती यामुळेच. रोजचे पाच तास धरून शेड्यूल लावा, दिवस आपोआप वाढतात.

आता कागदपत्रं. पटकथा स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे नोंदवा आणि मोठा बदल झालेला प्रत्येक खर्डा पुन्हा नोंदवा. या नोंदणीने तारीख सिद्ध होते. तेवढाच तिचा उपयोग, पण भांडणाच्या वेळी तो लाखमोलाचा ठरतो. चित्रपटाचं नाव वेगळं, निर्मात्यांच्या संघटनेकडे नोंदवावं लागतं. कथा दुसऱ्याची असेल तर रूपांतराचे हक्क लेखी घ्या, लेखक घरातला असला तरी. रेणुका शहाणे यांचा पहिला चित्रपट ‘रीटा’ (2009) त्यांच्या आई शांता गोखले यांच्या कादंबरीवर होता. कोंकणा सेन शर्मा यांचा ‘अ डेथ इन द गंज’ वडिलांच्या कथेवरून आला. घरातलं साहित्य ही चांगली सुरुवात असू शकते, पण वितरक किंवा ओटीटीवाला हक्कांची साखळी तपासतो तेव्हा ‘आईचंच आहे’ हे उत्तर चालत नाही. हस्तांतरण करारात मुदत लिहिली नसेल तर कॉपीराइट कायद्याच्या कलम 19 नुसार ती 5 वर्षं धरली जाते आणि क्षेत्र लिहिलं नसेल तर फक्त भारत. चित्रपट उभा राहायला पाच वर्षं सहज लागतात, तेव्हा या दोन्ही रकाम्या जागा भरा.

निर्मात्याबरोबर करार करताना क्रम सांभाळा. नेहमीची फसगत अशी होते: लेखनाचा करार आधी होतो, पटकथेचे सगळे हक्क जातात आणि दिग्दर्शनाबद्दल ‘ते तर आपलं ठरलेलंच आहे’ एवढंच तोंडी उरतं. सहा महिन्यांनी मोठा नट येतो, त्याला ओळखीचा दिग्दर्शक हवा असतो. तुमच्या हातात लेखनाचं श्रेय आणि शेवटचा हप्ता, बस्स. दोन्ही करार एकाच दिवशी करा, किंवा लेखनाच्या करारातच लिहून घ्या की या पटकथेची दिग्दर्शिका तुम्हीच असाल आणि ठराविक मुदतीत चित्रीकरण सुरू झालं नाही तर हक्क परत येतील. मानधनाचे हप्ते टप्प्यांना बांधा: सही, पहिला खर्डा, अंतिम खर्डा, चित्रीकरणाचा पहिला दिवस. ‘प्रदर्शनानंतर’ असा हप्ता मोठा ठेवू नका.

शिकण्यासाठी महागड्या कोर्सपेक्षा एका चित्रपटात तुमची भूमिका नसताना सहायक म्हणून बसणं जास्त उपयोगी. जागा मागायची ती कंटिन्युइटीची, म्हणजे एका शॉटमधले तपशील पुढच्या शॉटशी जुळतात ना हे बघायची. ‘मॅडम, तुम्ही कशाला’ असं म्हणत मंडळी खुर्ची आणि चहा पुढे करतील. खुर्ची नाकारा. कंटिन्युइटीच्या वहीत प्रत्येक शॉटची लेन्स, टेक क्रमांक, कुठला टेक ओके, कुणी कुठल्या शब्दावर कप उचलला, पदर कुठल्या खांद्यावर, हे सगळं उतरवावं लागतं. आठ दिवस ही वही भरली की शॉट एकमेकांना कसे जोडले जातात ते हातात बसतं. त्यानंतर पंधरा दिवस संकलकाच्या मागे गप्प बसा. मग दहा-बारा मिनिटांचा एक लघुपट करा: दोन पात्रं, एक जागा, दोन दिवस. तो महोत्सवांत गेला नाही तरी बिघडत नाही. संकलनात ‘अरे, हा शॉट घ्यायचाच राहिला’ हे वाक्य स्वस्तात ऐकायला मिळावं, एवढ्यासाठी तो करायचा. कोंकणा सेन शर्मा यांनीही पूर्ण लांबीच्या चित्रपटाआधी लघुपट केला होता.

शॉट विभाजनाची भीती अनेकींना असते, ती अनाठायी आहे. दोन माणसं टेबलाशी बोलताहेत: एक मास्टर (सगळा सीन दिसणारा रुंद शॉट), दोन्ही बाजूंची सजेशन (समोरच्याच्या खांद्यावरून घेतलेले शॉट), दोन्ही क्लोज, एखादा हातांचा इन्सर्ट. सहा-सात सेटअप, म्हणजे कॅमेरा-लाइटच्या मांडण्या, झाल्या. दोघांच्या नजरांमधून एक रेषा ओढा आणि कॅमेरा तिच्या एकाच बाजूला ठेवा. रेषा ओलांडली की दोघंही एकाच दिशेला बघताना दिसतात. 35, 50 आणि 85 मिलिमीटर या तीन लेन्सनी तोच चेहरा कसा बदलतो ते डीओपीबरोबर (छायाचित्रण दिग्दर्शकाबरोबर) अर्धा दिवस बसून बघा. बाकीचं तंत्र डीओपीकडे आहे आणि त्यासाठीच तो आहे.

खरी गोम वेळेत आहे. बारा तासांची शिफ्ट, सकाळी नऊची. पहिला शॉट साडेदहाच्या आत क्वचितच लागतो. जेवणाचा एक तास. उरलेल्या साडेनऊ तासांत एका दिशेचा लाइट न बदलता काम केलं तर सोळा-अठरा सेटअप होतात. दर शॉटला दिशा बदलली तर दहा-बारा. म्हणून खिडकीकडे बघणारे सगळे शॉट आधी आणि दाराकडचे नंतर घेतात, सीनचा क्रम काहीही असो. दोन तासांचा चित्रपट तीस दिवसांत म्हणजे रोज चार मिनिटं. सकाळच्या पहिल्या सीनवर प्रेम करत दुपार केली की संध्याकाळचा सीन एका मास्टरमध्ये गुंडाळावा लागतो, आणि तो नेमका कथेचा कणा असतो. रोजच्या शॉटच्या यादीत ‘हे नसेल तर सीन कापता येणार नाही’ अशा शॉटवर खूण करून ठेवा. उशीर झाला की बिनखुणेचे शॉट उडवायचे.

नटांबरोबरचं काम हे तुमचं माहेर. तिथेही एक खड्डा आहे: करून दाखवणं. समोरच्याला ओळ जमत नाही, तुम्हाला ती जमते, जीभ शिवशिवते. एकदा करून दाखवलंत की नवखा नट तुमची नक्कल करतो आणि अनुभवी नट मनातून मिटतो. चार पात्रांना करून दाखवलं तर चौघंही तुमच्याच लयीत बोलू लागतात. सेटवर ते जाणवत नाही, पडद्यावर सलग बघताना खटकतं. त्याऐवजी क्रियापद द्या. ‘दुःखी हो’ याने काही होत नाही. ‘तिला थांबव’, ‘हे तिच्यापासून लपव’, ‘तिने माफी मागावी असं कर’, यांनी होतं. सूचना एका वेळी एकच आणि शक्यतो जवळ जाऊन, हळू आवाजात. मॉनिटरपाशी बसून स्पीकरवरून दिलेली सूचना सगळं युनिट ऐकतं. तुम्ही स्वतः ती कशी ऐकली असती ते आठवा.

तुमचा अनुभव पूर्ण वसूल होतो तो क्लोजच्या क्रमात. काही नट दुसऱ्याच टेकला सगळं देऊन रिकामे होतात. काही नाटकवाले पाचव्या टेकपर्यंत चढत जातात. दोघं समोरासमोर असतील तर पहिल्याचा क्लोज आधी घ्या. मूल असेल तर सगळ्यात आधी त्याचा. ‘कट’ म्हटल्यावर नट पहिल्या दोन सेकंदांत दिग्दर्शकाकडे बघतो. तेव्हा तुम्ही फोकस पुलरशी (कॅमेऱ्याचा फोकस सांभाळणाऱ्याशी) बोलत असाल तर नटाला वाटतं, माझंच काही चुकलं. आधी त्याला एक शब्द, मग फोकस.

जवळिकीच्या दृश्यांत काय दाखवायचं, कुठे स्पर्श होणार, हे आधी लेखी ठरवा. सेटवर गरजेची माणसंच ठेवा आणि बाकीचे मॉनिटर बंद करा. दहा किंवा जास्त माणसं काम करतात तिथे लैंगिक छळाच्या तक्रारींसाठी अंतर्गत समिती कायद्याने बंधनकारक आहे. तिच्या सदस्यांची नावं पहिल्याच कॉल शीटवर (युनिटला वाटायच्या दिवसाच्या वेळापत्रकावर) छापा.

आता शेवटचा प्रश्न, भूमिकेचा. पहिल्या चित्रपटात मुख्य भूमिका स्वतः करू नये, असं माझं स्पष्ट मत आहे. अपर्णा सेन 1961 पासून पडद्यावर होत्या. 1981 मध्ये त्यांनी ‘36 चौरंगी लेन’ लिहून दिग्दर्शित केला तेव्हा मुख्य भूमिका जेनिफर केंडल यांना दिली, आणि दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवला. ‘रीटा’मध्ये रेणुका शहाणे होत्या, पण मुख्य भूमिका पल्लवी जोशी यांची. मृण्मयी देशपांडे यांनी ‘मन फकिरा’ (2020) इतरांना घेऊन केला. उलट उदाहरणही आहे: मृणाल कुलकर्णी यांनी पहिल्याच दिग्दर्शनात, 2013 मध्ये, स्वतः भूमिकाही केली. जमतं, पण किंमत मोजून.

ती किंमत मिनिटांत सांगता येते. मेकअप आणि केस यांत एक तास जातो. तेव्हा सेट कोण चालवणार? प्रत्येक टेक मॉनिटरवर परत बघायला तीन मिनिटं धरली तर चाळीस टेकचे दोन तास झाले, म्हणजे तीन-चार सेटअप बुडाले. म्हणून करायचीच असेल तर काही गोष्टी पक्क्या हव्यात. तुमच्या उंचीची स्टँड-इन, जिच्यावर लाइट आणि हालचाल आधी बसवता येईल. ‘हा टेक नाही’ असं तुम्हाला तोंडावर सांगणारी एक व्यक्ती, जिचा शब्द सगळं युनिट मानेल. ती तुमची मैत्रीण असली तर बहुधा गोड बोलेल, तेव्हा सहदिग्दर्शक किंवा तालमीपासून सोबत असलेली अभिनय-मार्गदर्शक बरी. पहिले चार-पाच दिवस स्वतःचे जड सीन लावू नका. युनिट अजून एकमेकांना ओळखत नसतं. आणि स्वतःचे सीन दुपारनंतर ठेवा, म्हणजे सकाळ दिग्दर्शनाची.

निर्माता मात्र उलटं सुचवेल, कारण तुमच्या चेहऱ्यावर चित्रपट विकला जातो आणि एक मानधन वाचतं. त्याच दमात तो म्हणेल, ‘तुमचे मित्र कमी पैशांत करतील की.’ मित्रांना घ्या, पण बाजारभावाने आणि लेखी. फुकट आलेला मित्र दुसऱ्या मालिकेची तारीख आली की जातो, आणि त्याला काही बोलताही येत नाही. राज्य शासनाचं अनुदान बजेटमध्ये जमेला धरू नका. ते चित्रपट पूर्ण होऊन सेन्सॉर झाल्यावर, परीक्षणानंतर मिळतं. निर्माता मिळण्याआधी एनएफडीसीची (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाची) पटकथा कार्यशाळा आणि गोव्याचा फिल्म बाजार (चित्रपटांसाठी निर्माते-भागीदार शोधायचा मेळावा) इथे अर्ज करून बघण्यासारखं आहे.

स्वतःच्या घरखर्चाचंही गणित मांडा. अभिनयात वीस दिवसांचं काम वीस दिवसांत संपतं. लेखन-दिग्दर्शनाचा एक चित्रपट दीड-दोन वर्षं खातो आणि तेवढ्यात मालिकेची रोजची भूमिका घेता येत नाही. रेणुका शहाणे यांचा दुसरा चित्रपट ‘त्रिभंग’ 2021 मध्ये, म्हणजे पहिल्यानंतर 12 वर्षांनी आला. अधूनमधून दहा-पंधरा दिवसांच्या भूमिका घेत राहा. लेखनाच्या काळात त्या अडथळा होत नाहीत. पूर्वतयारी सुरू झाल्यापासून संकलनाचा पहिला कट (जोडलेल्या चित्रपटाचा पहिला खर्डा) लागेपर्यंत मात्र एकही तारीख देऊ नका.

पहिला कट वीस-तीस मिनिटांनी लांब असतो, त्याने घाबरू नका. स्वतःची भूमिका असेल तर हा कट संकलकाला एकट्याने लावू द्या. तुम्ही शेजारी बसलात की हनुवटी आणि केस बघाल. नटाच्या मनाने बसलात की चांगला अभिनय कापवत नाही, हा दुसरा त्रास. त्यासाठी आवाज बंद करून पूर्ण चित्रपट एकदा बघा. गोष्ट कुठे थांबते ते लगेच कळतं, कारण संवादांचं आणि आवाजाचं पांघरूण निघालेलं असतं. ज्याने ओळ म्हटली त्याच्यावर कॅमेरा ठेवण्यापेक्षा ज्याने ऐकली त्याच्यावर ठेवून बघा; निम्म्या सीनमध्ये तोच कट योग्य निघतो. मग पटकथा न वाचलेल्या आठ-दहा जणांना दाखवा. ‘आवडला का’ असं विचारू नका. अंधारात मागे बसून कोण कधी फोन काढतं त्याचे मिनिट-सेकंद लिहा. तीन जणांनी एकाच मिनिटाला फोन काढला असेल, तर तिथून मागे पाच मिनिटं जा. चूक बहुतेक वेळा त्या आधीच्या सीनमध्ये सापडते.